शंभर तास घालवायच्या आधी शेवट कसाय ते बघून घ्या : कुठली सिटकॉम शेवटपर्यंत बघावी

मोठी सिटकॉम सुरू करायचीये, फ्रेंड्स बघू का हाऊ आय मेट युअर मदर का साइनफेल्ड, असं कुणी विचारलं की उत्तरं सगळी सुरुवातीबद्दलच येतात. पहिले चार-पाच एपिसोड जरा बोअर होतील, नेट लावून बघ, मग मजा येते वगैरे. शेवटाबद्दल कुणी बोलत नाही, एक तर स्पॉयलरची भीती आणि दुसरं म्हणजे अर्धे लोक तिथवर पोचलेलेच नसतात. पण हिशोब करा ना. फ्रेंड्सचे 236 एपिसोड, बावीस मिनिटांचा एक धरला तरी साडेशहाऐंशी तास होतात. हाऊ आय मेटचे 208, म्हणजे शहात्तर तास. एवढा वेळ देऊन शेवटी चरफडत बसायचं असेल तर ते आधी कळलेलं बरं. म्हणून मी इथे शेवट सरळ सांगणारे, एकच सोडून. ज्यांना अजिबातच काही कळून घ्यायचं नाहीये त्यांनी इथूनच परत फिरा.

आधी फ्रेंड्स आणि हाऊ आय मेट, कारण निम्म्या लोकांचं कन्फ्युजन या दोनातच असतं. दोन्हीकडे न्यूयॉर्क, दोन्हीकडे मित्रांचं टोळकं, एकीकडे कॉफीचं दुकान आणि दुसरीकडे बार, आणि दोन्हीकडे "ही दोघं एकत्र येणार का" हे वर्षानुवर्षं ताणलेलं.

फ्रेंड्सचा शेवट 6 मे 2004 ला अमेरिकेत लागला आणि सव्वापाच कोटी लोकांनी तो बघितला. त्यात धक्का असा काही नाही. मोनिका-चँडलर या नवरा-बायकोला जुळं होतं, आणि ज्यांचं "एकत्र येणार का" चाललेलं त्या रॉस-रेचलपैकी रेचल पॅरिसला निघते, रॉस चुकीच्या एअरपोर्टवर पळतो, आणि शेवटी ती विमानातून उतरते हे आपल्याला कळतं आन्सरिंग मशीनवरच्या मेसेजमधून. तो सीन परत बघा कधीतरी, रॉस एकटा घरात मशीनशी बोलतोय, तिचा आवाज मध्येच तुटतो, "ती उतरली का, उतरली का" असं तो त्या डबड्याला विचारतोय आणि दारातून उत्तर येतं. पण माझ्या मते खरा शेवट त्याच्यानंतरचा आहे. रिकामं झालेलं घर, सहा जण आपापल्या किल्ल्या ओट्यावर ठेवतात, कॉफी प्यायला जाऊ या का म्हणून रेचल विचारते आणि चँडलर म्हणतो, "चालेल, कुठे?" दहा वर्षं एकाच सोफ्यावर बसलेला माणूस कुठे म्हणून विचारतो! मग कॅमेरा रिकाम्या घरातून फिरत दारावरच्या त्या पिवळ्या फ्रेमवर येऊन थांबतो. संपलं.

खोट काढायची तर आहे. रेचलने पॅरिसची नोकरी सोडायचीच का, रॉसने जायला काय झालं होतं, यावर अजून भांडणं होतात आणि त्यात तथ्य आहे. आणि जोईला बिचाऱ्याला शेवटच नाही, कारण त्याच्या नावाची वेगळी मालिका लगेच येणार होती. ती आली, दोन सीझन चालली आणि बंद पडली.

आता हाऊ आय मेट. हिची गंमत अशी की शेवट सगळ्यात आधी ठरलेला होता आणि तोच हिच्या मुळावर आला. टेड 2030 साली आपल्या मुलांना, त्यांची आई कशी भेटली याची गोष्ट सांगतोय, तर त्या मुलांचं काम करणारी पोरं तोपर्यंत मोठी होणार म्हणून त्यांचा शेवटचा सीन सुरुवातीच्या काळातच शूट करून ठेवला होता. गोष्ट ऐकून मुलगी म्हणते, बाबा, ही आईची गोष्टच नाहीये, तुम्हाला रॉबिन आंटी (टोळक्यातलीच मैत्रीण) आवडते. दुसऱ्या सीझनच्या वेळी हे भारीच वाटलं असणार. पण मालिका नऊ वर्षं चालली. मधल्या काळात टेड-रॉबिनचं प्रकरण इतक्या वेळा मिटवलं गेलं की बघणाऱ्याने ते खरोखर सोडून दिलं, आणि जी आई आठ सीझन दिसली नव्हती ती शेवटी आली तर सगळ्यांना प्रचंड आवडली (क्रिस्टिन मिलिओटी, काय गोड काम केलंय). अख्खा नववा सीझन टेडचा मित्र बार्नी आणि रॉबिनच्या लग्नाच्या एका वीकेंडवर घालवला, आणि मग 31 मार्च 2014 च्या शेवटच्या भागात त्यांचा घटस्फोट काही मिनिटांत, आईचा मृत्यू त्याहून कमी वेळात, आणि टेड पहिल्या एपिसोडमध्ये तिच्यासाठी चोरलेलं ते निळं हॉर्न घेऊन रॉबिनच्या खिडकीखाली उभा. लोक भडकले. इतके की डीव्हीडीवर दुसरा शेवट द्यावा लागला, ज्यात आई मरत नाही.

तर मग बघायची का नाही? माझं म्हणणं, बघा, पण शेवट माहीत असून बघा. मग मधले बरेच सीन वेगळेच लागतात, आई येणार आणि जाणार हे माहीत असल्यावर टेडचं सगळं बोलणं जड होत जातं. आणि तरीही नको वाटलं तर टेड आणि ती स्टेशनवर पिवळ्या छत्रीखाली बोलतात तिथे बंद करा. पण दोनातून एकच बघणार असाल तर फ्रेंड्स. कथा हाऊ आय मेटची जास्त हुशार आहे, निरोप फ्रेंड्सचा चांगला आहे.

चांगला निरोप म्हणजे काय हे अमेरिकन टीव्हीला शिकवलं ते द मेरी टायलर मूर शोने, 1977 साली. टीव्हीच्या न्यूजरूमची गोष्ट, नवा मॅनेजर येतो आणि सगळ्यांना कामावरून काढतो, ठेवतो फक्त त्या एका ढ न्यूजरीडरला! मग सगळे एकमेकांना मिठी मारून उभे, टिश्यूचा डबा टेबलावर लांब आहे, मिठी सोडवत नाही, म्हणून तो अख्खा घोळका तसाच सरकत सरकत डब्यापर्यंत जातो. शेवटी मेरी दिवा घालवते. नंतरच्या कितीतरी मालिकांनी हा दिवा आणि हे दार ढापलंय. इथे लोकांना एकत्र आणणारं जे निमित्त होतं तेच संपतं, त्यामुळे लेखकाला जोड्या जुळवत बसावं लागत नाही. ऑफिस बंद, घर रिकामं, बार मिटला, की शेवट आपोआप होतो. माझं तर असं मत झालंय की सिटकॉम निवडताना हेच बघावं, की हिला नैसर्गिकपणे संपायला जागा आहे का. (आपल्याकडे डेली सोप संपत नाही, त्याच वेळेच्या नव्या मालिकेचा प्रोमो लागला की समजायचं हिची भरली, मग पंधरा दिवसांत सगळे व्हिलन सुधारतात आणि एक ग्रुप फोटो. त्यातल्या त्यात झी मराठीवरची दिल दोस्ती दुनियादारी 2015 ला आली आणि 2016 ला, लोकांना हवीहवीशी असतानाच संपली, ते मला अजून बरं वाटतं.)

पुढची जोडी साइनफेल्ड आणि चीअर्स. दोन्ही एनबीसी या अमेरिकन चॅनलच्या, दोन्ही आपापल्या काळात नंबरात, आणि शेवट एकदम उलटे.

साइनफेल्ड 14 मे 1998 ला संपली, साधारण साडेसात कोटींच्या वर लोक बघत होते, आणि जेरी साइनफेल्डबरोबर मालिका सुरू करणारा लॅरी डेव्हिड, जो मध्येच सोडून गेला होता, खास शेवट लिहायला परत आला होता. त्याने काय केलं तर मालिकेतल्या चौघा मित्रांना मॅसॅच्युसेट्समधल्या एका गावात अडकवलं, तिथे त्यांच्यासमोर एका जाड्या माणसाला कुणीतरी लुटतं, हे मदत करायचं सोडून जोक मारत व्हिडिओ काढतात, आणि मदत न केल्याबद्दल खटला उभा राहतो. मग नऊ वर्षांत ज्यांना ज्यांना यांनी त्रास दिला ते सगळे साक्षीला. एक वर्ष जेल. कोठडीत जेरी जॉर्जला शर्टाच्या बटणावरून काहीतरी सांगतो, आणि तेच बोलणं पहिल्या एपिसोडच्या सुरुवातीला आहे. कल्पना म्हणून मला हे जाम आवडतं, वाईट माणसं आहेत तर वाईटच शेवट, मिठ्या नाहीत, रडणं नाही. पण बघताना तो एपिसोड जुन्या क्लिपांची हजेरी वाटतो, साक्षीदार येतो, आठवण दाखवतात, पुढचा. हसू कमी येतं. लोकांनी वर्षानुवर्षं लॅरी डेव्हिडला यावरून बोल लावले, आणि हा पठ्ठ्या किती हट्टी बघा, त्याच्या कर्ब युअर एन्थुझियाझम या मालिकेचा (यात तो लॅरी म्हणूनच काम करतो) शेवट 2024 ला आला तर त्यात पुन्हा खटला, पुन्हा साक्षीदार, पुन्हा शिक्षा, आणि या वेळी जेरी साइनफेल्ड स्वतः येऊन त्याला सोडवतो! मग दोघं म्हणतात की तेव्हाच असं संपवायला हवं होतं. म्हणजे एका फसलेल्या शेवटाची दुरुस्ती सव्वीस वर्षांनी दुसऱ्याच मालिकेत. त्यामुळे साइनफेल्ड बघणार असाल तर पुढे कधीतरी कर्बपण बघा, तोवर साइनफेल्डचा शेवट अर्धाच समजा. तशीही साइनफेल्ड शेवटासाठी बघायची गोष्टच नाही, कुठलाही एपिसोड कुठूनही लावा.

चीअर्स मात्र शेवटासाठी बघावी अशी आहे. बॉस्टनमधला बार, अकरा सीझन, 20 मे 1993 ला समाप्त. बारमालक सॅमची जुनी प्रेयसी डायन परत येते, सॅम तिच्याबरोबर निघूनसुद्धा जातो, विमानात दोघांनाही कळतं की आपण काय वेडेपणा करतोय, आणि तो परत बारमध्ये येतो. मग बराच वेळ नुसते सगळे सिगार ओढत आयुष्याबद्दल गप्पा मारत बसतात, काहीच घडत नाही, आणि तेच छान आहे. एकेक जण घरी जातो. रोजचं गिऱ्हाईक नॉर्म शेवटचा, तो सॅमला म्हणतो की माणूस आपल्या खऱ्या प्रेमाकडे परत येतोच. कुठलं प्रेम ते सांगत नाही. सॅम एकटा उरतो, भिंतीवरचा जेरोनिमोचा फोटो सरळ करतो (हा फोटो मुळात कोच या बारटेंडरचं काम करणाऱ्या निकोलस कोलासांतोच्या मालकीचा, हा नट 1985 ला मालिका चालू असतानाच गेला होता), तेवढ्यात दार वाजतं, सॅम म्हणतो, "सॉरी, बंद झालंय," आणि आत अंधारात चालत जातो. अडचण एकच, एपिसोड अडीचशेच्या वर आहेत आणि सुरुवातीचा काळ 1982 चा, काही जोक आज कानाला खटकतात. धीर असेल तर घ्या.

रडायचंच असेल तर दोन नावं, मॅश आणि ब्लॅकॅडर गोज फोर्थ. दोन्ही युद्धावरच्या.

मॅशचा शेवट 28 फेब्रुवारी 1983 ला, अडीच तासांचा, दिग्दर्शक स्वतः अ‍ॅलन अल्डा, म्हणजे हॉकआय या मुख्य डॉक्टरचं काम करणारा नट, बघणारे दहा कोटींच्या वर. अमेरिकेत एकाच वेळी एवढे लोक टीव्हीसमोर, हा विक्रम 2010 च्या सुपर बोलपर्यंत (अमेरिकन फुटबॉलची फायनल) टिकला. कोरियाचं युद्ध तीन वर्षांचं आणि मालिका अकरा वर्षांची, त्यावरून लोक चिडवायचे. शेवटी युद्ध थांबतं आणि मिलिटरी हॉस्पिटलचे तंबू निघतात, निमित्त संपलं की सगळं संपलं. पण हॉकआय त्याआधीच मानसोपचाराच्या वॉर्डात आहे. त्याला बसमधली एक आठवण छळतेय, शत्रू जवळ होता, सगळ्यांनी गप्प राहायचं होतं, एका बाईची कोंबडी ओरडत होती आणि तिने ती मारली. हळूहळू कळतं की ती कोंबडी नव्हती. याहून पुढे मी लिहीत नाही, पण विनोदी मालिका म्हणून लावायची असेल तर हे माहीत असू द्या. शेवटी हेलिकॉप्टर वर जातं आणि खाली त्याचा मित्र बीजेने दगड मांडून गुडबाय लिहिलेलं दिसतं, जो शब्द तो पूर्ण एपिसोडभर तोंडातून काढायला तयार नसतो.

तरी सांगतो, मॅश ताणलेली आहे. तो अडीच तासांचा भागसुद्धा मध्ये रेंगाळतो.

ब्लॅकॅडरचं तसं नाही. सहा एपिसोड, अर्ध्या तासाचा एक, तीन तासांत खेळ खलास. पहिल्या महायुद्धातले खंदक, कॅप्टन ब्लॅकॅडर काहीही करून लढाईतून सुटायला बघतोय, सोबत तो मठ्ठ बाल्ड्रिक आणि त्याचे धूर्त प्लॅन. शेवटचा भाग 2 नोव्हेंबर 1989 चा. शेवटपर्यंत जोक चालू असतात. मुख्यालयात खुर्ची उबवणाऱ्या कॅप्टन डार्लिंगला जनरल अगदी प्रेमाने, तुझ्यावर उपकार करतोय अशा थाटात फ्रंटवर पाठवतो, आणि तो बिचारा गयावया करतो तेव्हा पहिल्यांदा हसू अडकतं. मग तोफा थांबतात. डार्लिंगला वाटतं युद्ध संपलं, आपण वाचलो, 1914 ते 1917. 1917! बघणाऱ्याला माहीत असतं की अजून वर्ष बाकी आहे. तोफा थांबल्यात त्या यांना चढाई करायचीये म्हणून. शिट्टी वाजते, सगळे खंदकावर चढतात. त्या चढाईचं शूटिंग खरं तर फसलं होतं, सेट फोमचा आणि शॉट छोटासा, मग एडिटिंगला बसून तो स्लो केला, मालिकेचं टायटल म्युझिक पियानोवर संथ लावलं, आणि चित्र विरघळून पॉपीच्या फुलांचं शेत येतं (तिकडे ही फुलं युद्धात गेलेल्यांची आठवण समजतात). ना टाळ्या, ना नेहमीचं क्रेडिट गाणं. एवढ्या कमी वेळात एवढा परिणाम करणारा शेवट मी दुसरा बघितलेला नाही.

हलकं आणि छोटं पाहिजे तर ब्रिटिश द ऑफिस, बारा एपिसोड आणि 2003 चे दोन ख्रिसमस भाग. रिसेप्शनिस्ट डॉन टॅक्सीत बसून, तिच्यावर प्रेम करणाऱ्या टिमने दिलेलं ऑफिसातलं गिफ्ट उघडते, रंगांचा सेट आणि एक चिठ्ठी, कधी हार मानू नकोस, आणि ती टॅक्सी वळवते. एका चिठ्ठीत काम झालं, अमेरिकन ऑफिसला तेच करायला नऊ सीझन लागले (तेही गोडच आहेत, पण सातव्यात बॉस मायकल गेल्यावर नेटाने ओढावं लागतं).

ज्याचा शेवट मी सांगत नाहीये ती म्हणजे न्यूहार्ट, 21 मे 1990. गुपित ठेवायला टीमने खोटा शेवट पसरवला होता. खरा शेवट कळायला त्यातला मुख्य नट बॉब न्यूहार्टची सत्तरच्या दशकातली आधीची मालिका थोडी तरी बघितलेली पाहिजे, म्हणजे सगळ्यात महाग पडणारा जोक हाच.

तर नव्याने सुरू करणाऱ्याने वेळ भरपूर असेल तर फ्रेंड्स, धीर असेल तर चीअर्स, आणि एकच वीकेंड असेल तर ब्लॅकॅडर घ्या. त्याचे आधीचे तीन सीझन नाही बघितले तरी अडत नाही, प्रत्येक सीझन वेगळ्या काळातला आहे, थेट चौथा लावा.