तांदूळ ओढणारं भांडं आणि माझे ३,९०,७०० रुपये

राईस पुलर म्हणजे तांदूळ ओढणारं 'चमत्कारी' भांडं, इरिडियम नावाच्या महाग धातूचं भांडं, वीज पडलेला तांब्या, ह्यातलं काहीही घेऊन कुणी तुमच्या दारात आलं तर त्याला चहासुद्धा पाजू नका. मी पाजला.

आधी हे सांगतो, मी अडाणी नाही. वीस वर्षं कृषी सेवा केंद्र चालवतोय. डीएपी खत खरं का बनावट हे बघायला चार दाणे तळहातावर घेतो, चुना लावून तंबाखूसारखे चोळतो. नाकात जाणारा उग्र वास सुटला तर माल खरा. गिऱ्हाइकाला मी स्वतः हे शिकवतो. असा मी, आणि दाण्यावरच फसलो.

मेहुण्याचा मित्र २०२४ च्या दिवाळीनंतर दुकानात आला. "दाजी, लॉटरी नाही ही, सायन्स आहे." बालाघाटातली पडकी गढी, रझाकारांच्या धामधुमीत पुरलेलं भांडं, त्यावर पडलेली वीज, तांब्याचं झालेलं इरिडियम, सॅटेलाइटसाठी घेणारी परदेशी पार्टी. पुढचं तुम्हाला पाठ आहे. मालक गरीब, टेस्टिंगला पैसा नाही, पैसा लावील त्याला चार आणे हिस्सा. माझे चार आणे म्हणजे ९ कोटी. हसा खुशाल.

लोभ होताच. पण त्या हंगामात सोयाबीनचा हमीभाव ४,८९२ आणि बाजारात माल त्याच्याही खाली चाललेला, दुकानाची उधारी गावोगाव अडकलेली, थोरलीचं लग्न तोंडावर. अशा वेळी माणूस हिशोब उलटा मांडतो.

भांडं आमच्याच घरी दाखवलं. काळं पडलेलं, शेराच्या मापाएवढं. त्यानं शर्टाच्या खिशातून पुडी काढली, पाटावर तांदूळ पसरले आणि भांडं जवळ सरकवलं. दाणे थरथरले, आडवे झाले आणि टुणकन जाऊन बुडाला चिकटले. माझ्या अंगावर काटा आला. बायको दारातून म्हणाली, "आवो, पुडीतले कामून? आपल्या डब्यातले घ्या की." ती वाटीभर तांदूळ घेऊन आलीही. त्यानं हात आडवा धरला. "वहिनी, घरच्या तांदळाला हळदीकुंकवाचा हात लागलेला असतो, पावर उतरते."

आणि मी, दाणे चोळून पोट भरणारा माणूस, बायकोला म्हणालो, "तू आत जा."

तो क्षण रोज आठवतो. पुडीतले दाणे किंचित करडे होते, तेही दिसलं होतं. वाटी दोन हातांवर होती. दोन हात!

पैसे असे गेले. टोकन २१,००० रोख. केमिकल टेस्टिंग १,८५,००० रोख, त्यासाठी बायकोचं गंठण गहाण. चंदेरी सूट घालून आलेल्या 'सायंटिस्ट'च्या सूटचं भाडं ६४,०००, तेही रोख. सूट कसला, गाडीवर टाकायच्या कव्हरासारखा होता. रिझर्व्ह बँकेच्या नावाचं क्लिअरन्स पत्र १,१२,०००, हे ऑनलाइन. लॉज आणि गाडी ८,७००. रिझर्व्ह बँक असल्या सौद्याचं पत्र कुणालाच देत नाही, हे आता मला कळतं. हमीभावानं धरलं तरी जवळजवळ ८० क्विंटल सोयाबीन झालं हे.

चौथ्या दिवशी सगळे फोन बंद. पाचव्या दिवशी बायकोनं माझा धुतलेला शर्ट समोर टाकला. खिशाला गंजाचा तांबूस डाग. गंमत म्हणून मी पुडीतले तीन दाणे खिशात टाकले होते. तांदूळ गंजतो का हो? लोखंडाचा कीस चिकटवलेला होता दाण्यांना, आणि भांड्याच्या दुहेरी बुडात चुंबक असणार.

पुतण्या बारावी सायन्सला आहे. त्यानं दहा मिनिटांत सांगितलं. इरिडियम हे वेगळं मूलद्रव्य, १८०३ साली लंडनमध्ये स्मिथसन टेनंटनं शोधलेलं. विजेनं तांबं वितळेल, त्याचं इरिडियम होणार नाही. इरिडियम लोखंडासारखं चुंबकाला चिकटत नाही, मग तांदूळ काय ओढणार? आणि ते तांब्याच्या अडीचपट जड असतं. मी ते भांडं एका हातानं उचललं होतं. "काका, आधी विचारायचं ना." विचारायचं होतं, पण 'कुणाला बोलू नका, माल गुप्त आहे' अशी शपथ घातली होती. शपथ घातली की समजा, तुम्हाला एकटं पाडलंय.

आता पोलीस ठाण्याचं ऐका. पहिल्या ठाण्यात, "लॉज आमच्या हद्दीत नाही." दुसऱ्या ठाण्यात, "तुम्ही तिकडचे, तिकडंच द्या." हद्द कुठलीही असो, दखलपात्र गुन्हा नोंदवून घ्यावा लागतो, नव्या नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १७३ आहे, असं वकिलाकडून लिहून नेलं. साहेबांनी कागद न वाचताच परत दिला. वर विचारलं, "रोख दिले त्याची पावती?" चोर पावती देतो का? "कोट्यधीश व्हायला गेलतात ना? तुम्हीपण त्यात सामील, जास्त बोललात तर तुमच्यावरच घेतो." शेजारचा शिपाई हसला. त्याचं हसू मला ३,९०,७०० पेक्षा जास्त लागलं. पाच चकरा, प्रत्येक वेळी दुकान बंद ठेवून. अर्ज घेतला, पोच नाही. अर्जाची पोच घेतल्याशिवाय तिथून हलूच नका.

१९३० वर, म्हणजे सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर, मी फोन केला अकराव्या दिवशी, लाजेपायी. तोवर त्या खात्यात ४१२ रुपये उरले होते. ऑनलाइन पैसे गेले असतील तर त्याच तासाला फोन लावा, लाज नंतर. बँकेतल्या बाईंनी मात्र खुर्ची दिली, पाणी दिलं. दुसरं काही त्यांच्या हातात नव्हतं.

मेहुण्याशी बोलणं बंद आहे. तो म्हणतो, मलाही फसवलं. असेलही.

हे सगळं गिळून गप्प बसणार होतो. परवा एक जुनं गिऱ्हाईक युरियाची गोणी गाडीवर टाकून थांबलं, इकडंतिकडं बघून हळूच विचारलं, "भाऊ, पण दाणे ओढले होते ना खरंच?" त्याच्या साडूकडं मंगळवारी टेस्टिंग आहे. टोकन २१,०००च.