कंट्रीतला पहिला अल्बम घ्यायचाय: डॉली, लुसिंडा की केसी?

स्वतः लिहून स्वतः गाणाऱ्या बाईचा एकच कंट्री अल्बम (कंट्री म्हणजे अमेरिकेच्या ग्रामीण दक्षिणेतून आलेलं संगीत) घ्यायचा असेल, तर तीन नावं समोर ठेवा: डॉली पार्टनचा 'कोट ऑफ मेनी कलर्स' (१९७१), लुसिंडा विल्यम्सचा 'कार व्हील्स ऑन अ ग्रॅव्हल रोड' (१९९८) आणि केसी मस्ग्रेव्हजचा 'गोल्डन अवर' (२०१८). तिन्ही उत्तमच आहेत. निवड ठरते ती तुम्ही गाणं कशाला धरून ऐकता यावर. काहींचं लक्ष आधी शब्दांकडे जातं, काहींचं आधी सुरांकडे.

डॉलीचा अल्बम सगळ्यात छोटा. १० गाणी, मिनिटं जेमतेम २७. शीर्षकगीताची गोष्ट साधी आहे: आई चिंध्या जोडून लेकीसाठी कोट शिवते आणि शिवताशिवता बायबलमधल्या योसेफच्या रंगीबेरंगी झग्याची गोष्ट सांगते. पोर कोट मिरवत शाळेत जाते आणि वर्गातली मुलं हसतात. आजीच्या जुन्या लुगड्यांची गोधडी अंगावर घेतलेल्या कुणालाही हे गाणं समजावून सांगावं लागणार नाही. डॉलीनं ते १९६९ मध्ये दौऱ्याच्या बसमध्ये, ड्रायक्लीनिंगच्या पावतीच्या कागदावर लिहिलं. चाल फारशी वरखाली जात नाही, आवाजात तक्रारही नाही, म्हणूनच ते आत उतरतं. 'अर्ली मॉर्निंग ब्रीझ' आणि 'माय ब्लू टिअर्स' ही गाणीही पुन्हापुन्हा ऐकण्याजोगी. उणीव एकच: १० पैकी ३ गाणी तिचा तेव्हाचा सहगायक पोर्टर वॅगनरनी लिहिलेली आहेत आणि ती बाकीच्यांपुढे फिकी पडतात. मागचा कोरसही त्या काळाचा आहे, आजच्या कानाला तो आधी जरा गोडमिट्ट वाटतो.

'गोल्डन अवर' नेमका दुसऱ्या टोकाला. १३ गाणी, सुमारे ४६ मिनिटं. केसीनं इयन फिचक आणि डॅनियल टॅशियन यांच्यासोबत त्याची निर्मिती केली आणि २०१९ मध्ये त्याला वर्षातल्या सर्वोत्कृष्ट अल्बमचं ग्रॅमी मिळालं. 'ओह, व्हॉट अ वर्ल्ड'मध्ये बँजोशेजारी व्होकोडर आहे, म्हणजे माणसाच्या आवाजाला यंत्राचा मुलामा. 'हाय हॉर्स' तर सरळ डिस्कोच्या ठेक्यावर चालतं. कंट्रीची अजिबात सवय नसलेल्या माणसाला हा अल्बम पहिल्या दिवशी आवडू शकतो. उच्चार स्वच्छ, चाली मोकळ्या. पण तो नुसता गुळगुळीत आहे असं समजू नका. 'स्पेस काउबॉय' हे नाव वाचून अंतराळातला काउबॉय डोळ्यांपुढे येतो. गाण्यात मात्र त्या दोन शब्दांमध्ये स्वल्पविराम आहे: तुला हवी ती मोकळीक घे, काउबॉय. निरोपाचं अख्खं गाणं त्या एका विरामावर उभं आहे.

हा अल्बम फसतो तो ऐकण्याच्या पद्धतीमुळे. फोनच्या छोट्या स्पीकरवर खालचे स्वर आणि पेडल स्टील गिटारची (आडवी ठेवून तारांवर धातूचा दांडा सरकवत वाजवायची गिटार) लांबलेली मींड हरवते, मग उरतं फक्त गोड पॉप. हेडफोन लावा. शफलही बंद ठेवा, कारण 'मदर' सव्वा मिनिटाचंच गाणं आहे. क्रमानं न ऐकल्यास ते अर्धवट तुटल्यासारखं वाटतं.

आता लुसिंडा. इथे थोडं थांबावं लागेल.

१३ गाणी, ५० मिनिटांहून थोडी जास्त. आधीचा अल्बम १९९२ चा. हा १९९५ मध्ये ऑस्टिनला एकदा ध्वनिमुद्रित झाला, ते तिला पटलं नाही, मग नॅशव्हिलला स्टीव्ह अर्ल आणि रे केनेडी या निर्मात्यांसोबत पुन्हा केला आणि शेवटचा हात रॉय बिटन या तिसऱ्या निर्मात्यानं फिरवला. इतकी ओढाताण होऊनही वाद्यं एका खोलीत बसून वाजवल्यासारखी लागतात. ग्रॅमी मिळालं, तेही लोकसंगीताच्या विभागात. हा अल्बम कुठल्या कप्प्यात ठेवावा, हे तेव्हाही नीट ठरत नव्हतं.

तिची ताकद गावांच्या नावांत आहे. 'लेक चार्ल्स'मधला माणूस जन्मला टेक्ससमधल्या नॅकडोचिसला, पण सगळ्यांना सांगायचा की आपण शेजारच्या लुइझियानातल्या लेक चार्ल्सचे. एवढ्या एका तपशिलात तो माणूस पुरता कळतो. 'ड्रंकन एंजल' हे १९८९ मध्ये ऑस्टिनला गोळी लागून गेलेल्या ब्लेझ फोली या गायकासाठी आहे. त्यात प्रेम आणि राग एकाच श्वासात येतात. शीर्षकगीतात मागच्या सीटवर बसलेलं चार-पाच वर्षांचं पोर खिडकीबाहेर बघतंय, घर पुन्हा बदलतंय, आणि मोठ्यांचं काय बिनसलंय हे कुणीच सांगत नाही.

शेवटचं 'जॅक्सन' नकाशा उघडून ऐका. बाई गाडी चालवतेय: लाफायेट, बॅटन रूज, विक्सबर्ग, जॅक्सन. प्रत्येक गावाच्या नावासोबत ती म्हणते की तिथवर पोचले की तुझं काही वाटणार नाही. गाव मागे पडतं, पुढचं येतं आणि तीच ग्वाही पुन्हा, थोड्या वेगळ्या शब्दांत. काही वाटणार नाही असं पुन्हापुन्हा सांगावं लागतं, यातच सगळं आलं.

अडचणी दोन. तिचे उच्चार दक्षिणेकडचे, शब्दांची शेपटं गिळणारे. पहिली दोन वेळा शब्द समोर ठेवूनच ऐका. दुसरी, 'जॉय' हे एकच कडवं घोटत जाणारं ब्लूज आहे. तिथे कंटाळा आला तर ते खुशाल ओलांडा, पण त्यामुळे अल्बम बंद करू नका.

ठरत नसेल तर एका संध्याकाळी तीनच गाणी लावा, याच क्रमानं: 'स्पेस काउबॉय', 'कोट ऑफ मेनी कलर्स', 'जॅक्सन'. सगळी मिळून पाव तासही लागत नाही. दुसऱ्या दिवशी काम करताना चाल ओठांवर आली तर केसी घ्या. गोष्ट आठवली तर डॉली. गावांची नावं डोक्यात फिरत राहिली तर लुसिंडा, आणि आमचा कौलही तिलाच. घरात सगळ्यांनी मिळून ऐकायचा असेल तर मात्र डॉलीच. तिच्यापाशी लहान मुलंही थांबतात.

एलपी घेणाऱ्यांसाठी आणखी थोडं. तबकडीची एक बाजू साधारण २० ते २२ मिनिटांपर्यंत उत्तम वाजते; त्याहून लांबली की खाचा दाटीनं कोराव्या लागतात आणि आवाज दबतो. डॉलीच्या बाजू १३-१४ मिनिटांच्या, तिथे काळजी नाही. केसीचा अल्बम एका तबकडीवर कसाबसा मावतो. लुसिंडाचा एकाच तबकडीत मिळत असेल तर बाजू २५ मिनिटांपुढे जाते, म्हणून दोन तबकड्यांचा संच मिळतो का ते आधी विचारा. लुसिंडाची सीडी घेत असाल तर २००६ ची दोन डिस्कची आवृत्ती शोधा. दुसऱ्या डिस्कवर १९९८ ची फिलाडेल्फियातली मैफल आहे आणि हीच गाणी लोकांसमोर किती खरखरीत होतात ते तिथे ऐकायला मिळतं.