सिंहराजाचे पैसे घेऊन चहाच्या मळ्यामागचे रान दाखवले: श्रीलंकेतील एका सहलीचा अनुभव

श्रीलंकेच्या दक्षिण किनाऱ्यावर, म्हणजे गॉल, उनावटुना, मिरिसा या गावांत राहणाऱ्या पर्यटकांना ‘सिंहराजा वर्षावनाची एक दिवसाची सहल, मोजकीच माणसे, सोबत जाणकार गाइड’ अशा जाहिराती जागोजागी दिसतात. त्यांतल्या अनेक सहली प्रामाणिकपणे नेल्या जात असतील, परंतु आमच्या वाट्याला आलेली सहल तशी नव्हती. आमच्याकडून सिंहराजाचे पैसे घेतले आणि आम्हाला सिंहराजाच्या बाहेरच फिरवून परत आणले. हे सारे इतक्या सफाईने झाले की, ज्याला रानाची ओळख नाही अशा माणसाला घरी परतल्यावरही शंका येऊ नये. हिवाळ्यात आपल्याकडची अनेक कुटुंबे श्रीलंकेला जातात, त्यांना निघण्यापूर्वीच हे ठाऊक असावे म्हणून सविस्तर लिहीत आहे.

सिंहराजा हे श्रीलंकेच्या नैर्ऋत्य भागातले, पावसाळी पट्ट्यात उरलेले मोठे सदाहरित अरण्य आहे. १९७८ साली त्याला जैवमंडळ राखीव क्षेत्राचा आणि १९८८ साली युनेस्कोच्या जागतिक वारशाचा दर्जा मिळाला. तिथल्या वृक्षांपैकी साठ टक्क्यांहून अधिक प्रजाती श्रीलंकेबाहेर जगात कोठेही आढळत नाहीत. सत्तरच्या दशकात प्लायवूडसाठी या जंगलात यंत्रांनी तोड सुरू झाली होती. लोकांनी आवाज उठवल्यावर १९७७ साली ती थांबली, म्हणून हे रान आज उभे आहे. पक्षी पाहणाऱ्यांना तर हे नाव पाठच असते, कारण येथे कोतवाल आणि नारिंगी चोचीचे सातभाई यांच्या पुढाकाराने निरनिराळ्या जातींचे पक्षी एकत्र थवा करून हिंडतात. अशा ठिकाणाचे नुसते नावच विकले जाते, आणि नाव विकले जात असल्यामुळेच त्या नावाखाली दुसरे काही दाखवण्याचा मोह काहींना होतो.

फसवणूक कोठे होते ते समजण्यासाठी प्रवेशाची पद्धत माहीत असणे आवश्यक आहे. हे अरण्य श्रीलंकेच्या वनखात्याच्या ताब्यात आहे. आत जाण्याचे नेहमीचे मार्ग दोन: वायव्येकडून कुडावा आणि दक्षिणेकडच्या देनियाया गावावरून मेदेरिपितिया. प्रवेशाचे तिकीट वनखात्याचे असते, परदेशी पर्यटकांसाठी त्याचा दर स्थानिकांपेक्षा बराच जास्त असतो, आणि वाटाड्या सोबत घेतल्याशिवाय आत सोडत नाहीत. म्हणजे गटातल्या प्रत्येक परदेशी माणसामागे तिकिटाची रक्कम आणि शिवाय वाटाड्याचा मेहनताना, हे दोन्ही सहल नेणाऱ्याच्या खिशातून जायला हवेत. पर्यटकांना प्रवेशद्वारापर्यंत नेलेच नाही, तर हे सर्व पैसे त्याच्याकडेच राहतात. आमच्या सहलीचा सारा व्यवहार एवढ्या एका गोष्टीवर उभा होता.

आम्ही घरचे पाच जण होतो: मी, माझे यजमान, सासूबाई, धाकटे दीर आणि जाऊबाई. गेस्ट हाउसमध्ये ठेवलेल्या पत्रकावरच्या क्रमांकावर मी व्हॉट्सअ‍ॅपवर एकेक गोष्ट विचारून घेतली होती. गट किती जणांचा, तिकीट धरून की वेगळे, जंगलात प्रत्यक्ष किती वेळ, सत्तरीच्या माणसाला चालणे झेपेल का, या सगळ्याची उत्तरे लेखी मिळाली: जास्तीत जास्त आठ जण, सिंहराजाचे प्रवेश तिकीट आणि वनखात्याचा वाटाड्या धरून माणशी ६५ डॉलर, जंगलात चार तास, दुपारचे जेवण. अर्धी रक्कम कार्डाने आगाऊ आणि उरलेली सहलीच्या दिवशी रोख. यात संशय घेण्यासारखे काहीच नव्हते.

पहाटे गाडी आली तेव्हा आत आधीच माणसे बसलेली होती आणि मिरिसा येथे आणखी चढली. आठ जणांच्या गटाचे चौदा झाले. चालकाने सांगितले की, दुसरी गाडी ऐन वेळी बिघडल्यामुळे दोन गट एकत्र करावे लागले आहेत. त्याच वेळी, म्हणजे प्रवास अजून सुरू व्हायचा असताना, त्याने उरलेली रक्कम रोख मागून घेतली. अकुरेस्सामार्गे देनियायाला पोहोचेपर्यंत ऊन चढले होते. तेथे एक तरुण गाडीत बसला आणि त्याने आपली ओळख गाइड अशी करून दिली. यजमानांनी तिकिटांविषयी विचारले, तेव्हा ‘सगळे आधीच झाले आहे, तुम्ही काळजी करू नका’ एवढेच उत्तर मिळाले. जळवांपासून बचाव करणारे लांब मोजे मात्र भाड्याने घ्यावे लागले, त्याचे पैसे वेगळे.

देनियाया मागे टाकल्यावर गाडी मेदेरिपितियाच्या रस्त्यावरून मध्येच एका आडवाटेला वळली आणि चहाच्या मळ्याशी थांबली. मळ्यातून वर चढणारी पायवाट, पुढे झुडपे, एक ओढा, ओढ्यापलीकडे उंच झाडे. प्रथमदर्शनी सगळे हिरवेगार आणि ओले होते, जळवाही होत्या, त्यामुळे गटातल्या बाकीच्यांना आपण वर्षावनातच आलो आहोत असे वाटणे स्वाभाविक होते. गाइडने एका झाडापाशी थांबून ‘सिंहराजातला दुर्मीळ रानताड’ म्हणून जे दाखवले तो आपल्या कोकणातला भेरली माड होता. घोड्याच्या शेपटीसारखा लोंबणारा त्याचा फुलोरा शेंड्याशी कापून, कापलेल्या टोकाला फडक्याने बांधून खाली मडके अडकवले होते आणि त्यात रस ठिबकत होता. श्रीलंकेत याला कितुल म्हणतात. त्याच्या रसापासून काकवी आणि गूळ करतात, आणि तो गूळ फार चविष्ट असतो. हे झाड सिंहराजातही आहे, परंतु येथे ते कोणाच्या तरी परसाच्या कडेला होते आणि त्याच्या बुंध्याला चढण्यासाठी बांबूची शिडी बांधलेली होती. दुर्मीळ म्हणावे असे त्यात काहीच नव्हते.

माझे धाकटे दीर सावंतवाडीला कृषी खात्यात नोकरीला होते आणि आंबोलीच्या रानात त्यांचे आयुष्य गेले आहे. थोडे पुढे गेल्यावर ते माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाले, “वहिनी, ही झाडं ओळीत आहेत. रानात झाडं ओळीत उगवत नाहीत.” मी वर पाहिले. समोरच्या उतारावर सरळसोट खोडांच्या रांगाच रांगा होत्या आणि पायाखाली सुयांसारखी पाने पडलेली होती. तो पाइन होता. सिंहराजाच्या कडेने काही ठिकाणी कॅरिबियन पाइनची लागवड वनखात्यानेच पूर्वी केलेली आहे, गावे आणि अरण्य यांच्यामध्ये पट्टा असावा म्हणून. मूळ अरण्यात त्याला स्थान नाही. मूळ सिंहराजात नागकेशराच्या आणि डून वर्गातल्या शोरियाच्या (आपल्या साल वृक्षाच्या नात्यातल्या) झाडांचे राज्य असते, त्यांची शेंड्यांची छत्री इतकी दाट असते की जमिनीवर उजेड मोजकाच पोहोचतो. आम्ही मात्र भर उन्हात चालत होतो आणि वाटेच्या दोन्ही बाजूंना, जेथे तोड झालेली असते तेथे माजणारी झुडपे होती. दिरांनी गाइडला सरळ विचारले, “नागकेशर कुठे आहे? श्रीलंकेचा तो राष्ट्रीय वृक्ष आहे ना?” त्याने हाताने कोठेतरी वर दाखवले आणि पुढे चालू लागला. निळ्या मॅगपाय पक्ष्याबद्दल विचारले तर ‘आज पाऊस नाही म्हणून दिसणार नाही’ असे सांगितले. ओढ्यात पाय बुडवून, फोटो काढून, दीड-दोन तासांत आम्ही पुन्हा गाडीशी होतो. सासूबाई काठी टेकत सगळे चालल्या होत्या आणि त्यांनी त्या मुलाला प्रेमाने बक्षिसीही दिली. मला सर्वांत जास्त राग त्याचा आहे.

उलगडा देनियायात जेवताना झाला. शेजारच्या टेबलावर एक डच जोडपे बसले होते, तेही त्याच दिवशी सिंहराजात जाऊन आले होते. त्यांच्याकडे वनखात्याची छापील तिकिटे होती. मेदेरिपितियाच्या कार्यालयात ती घेतली, तेथेच वाटाड्या मिळाला, मग चहाच्या मळ्यांतून चालत जाऊन गिन गंगेवरचा पूल ओलांडला आणि तेथून खरे अरण्य सुरू झाले, असे त्यांनी सांगितले. आम्ही कार्यालय पाहिले नव्हते, नदी ओलांडली नव्हती, पूल कोठे आहे हेही आम्हाला माहीत नव्हते. त्यांनी ज्या चहाच्या मळ्यांना वाट म्हटले, तेवढ्यातच आमची सहल संपली होती.

मी लगेच चालकाला आणि फोनवरून सहल ठरवणाऱ्याला जाब विचारला. त्याचे उत्तर मी येथे मुद्दाम नोंदवते, कारण तुम्हालाही तेच ऐकवले जाईल. तो म्हणाला की, हा सगळा परिसर सिंहराजाच आहे, राखीव क्षेत्राची सीमा आणि भोवतीचा पट्टा यांत काही फरक नाही, आणि आतला भाग वयस्कर माणसांसाठी कठीण असल्यामुळे आमच्याच सोयीसाठी सोपी वाट निवडली. या बोलण्यात थोडे तथ्य मिसळलेले आहे, म्हणून ते पटण्याची शक्यता असते. भोवतालच्या पट्ट्यातून चालणे ही वाईट गोष्ट मुळीच नाही, तेथेही पाहण्यासारखे पुष्कळ असते. परंतु त्याला प्रवेश तिकीट लागत नाही, आणि आमच्याकडून तिकिटाचे व वाटाड्याचे पैसे घेतलेले होते. सोपी वाटच निवडायची होती तर ती आधी सांगून, आमची संमती घेऊन आणि तेवढेच पैसे घेऊन निवडायला हवी होती.

परतीच्या वाटेवर गाडी न विचारता एका दालचिनीच्या बागेत थांबवली. तेथे एक वयस्कर कारागीर जमिनीवर बसून दालचिनी सोलत होते. वरची खरबरीत साल खरवडून काढायची, मग पितळेच्या कांडीने खोड घासून आतली साल सैल करायची आणि सुरीने अखंड उतरवायची, हे त्यांनी इतक्या हलक्या हाताने केले की सगळे बघत राहिले. त्यांच्या कामाबद्दल मला आदरच आहे. पण त्यानंतर आम्हाला दुकानात नेऊन बसवले आणि सांधेदुखीपासून केस गळण्यापर्यंत सर्व तक्रारींवरची तेले, मलमे आणि अर्क बाजारभावाच्या कितीतरी पटींनी विकायला सुरुवात झाली. जाऊबाईंनी घेतलेली दालचिनीची पुडी नंतर गॉलच्या बाजारात पाव किमतीला मिळत होती. जेवढा वेळ आम्हाला रानात दिला, जवळजवळ तेवढाच वेळ या दुकानात गेला, कारण अशा विक्रीवर गाडी आणणाऱ्याला दलाली मिळते.

तुम्ही दक्षिण किनाऱ्यावरून अशी सहल करणार असाल तर तिकिटाची पावती स्वतःच्या हातात आल्याशिवाय उरलेली रक्कम देऊ नका, आणि ‘उरलेले पैसे प्रवेशद्वारावरच्या वनखात्याच्या कार्यालयात देऊ’ ही अट आरक्षण करतानाच लेखी मान्य करून घ्या. प्रामाणिक माणसाला या अटीची काहीच अडचण नसते. कोणत्या प्रवेशद्वाराने नेणार ते नावानिशी विचारा. मेदेरिपितिया म्हटले तर नदीवरचा पूल लागलाच पाहिजे. फोनमधला नकाशा आधी उतरवून घ्या आणि चालताना आपण कोठे आहोत ते पाहत राहा. गाइड स्वतःला परवानाधारक म्हणत असेल तर श्रीलंका पर्यटन विकास प्राधिकरणाचे ओळखपत्र पाहायला मागा. सहल नेणारा परवानाधारक असला तरी वनखात्याचा वाटाड्या वेगळा असतो, ही दोन माणसे आहेत हे ध्यानात ठेवा.

आणखी एक गोष्ट. किनाऱ्यावरून सिंहराजाला जाऊन त्याच दिवशी परत येण्यात बराचसा दिवस गाडीतच जातो, आणि पक्ष्यांची खरी हालचाल असते ती सकाळच्या वेळी, दुपारनंतर तर पाऊस धरतो. शक्य असेल तर आदल्या रात्री देनियाया किंवा कुडावा येथे मुक्काम करा. ते जमत नसेल आणि मुक्काम गॉलच्या आसपास असेल, तर उडुगमाजवळचे कन्नेलिया हे वर्षावन बरेच जवळ आहे. तेही वनखात्याच्याच देखरेखीखाली आहे आणि २००४ पासून त्या सर्व परिसराला जैवमंडळ राखीव क्षेत्राचा दर्जा आहे. तेथे नेतो असे स्वच्छ सांगणारा माणूस सिंहराजाच्या नावाने भुलवणाऱ्यापेक्षा केव्हाही बरा.

आमच्या पैशांचे काय झाले तेही सांगते. श्रीलंकेच्या पर्यटन खात्याची १९१२ ही मदतवाहिनी आहे, तेथे तक्रार नोंदवली आणि लेखी तक्रारही पाठवली. भारतात परतल्यावर कार्ड देणाऱ्या बँकेकडे, ठरलेली सेवा दिली नाही या कारणाखाली, आगाऊ दिलेल्या रकमेबाबत हरकत नोंदवली. बँकेने पुरावे मागितले. व्हॉट्सअ‍ॅपवरचे सर्व संदेश, ज्यांत तिकीट आणि वनखात्याचा वाटाड्या धरून हे शब्द होते, आणि फोनमधल्या फोटोंवर नोंदलेली ठिकाणे राखीव क्षेत्राच्या सीमेबाहेर पडतात हे दाखवणारा नकाशा, असे दोन्ही आम्ही दिले. सहल ठरवणाऱ्याला तिकिटांची एकही पावती सादर करता आली नाही, आणि आगाऊ रक्कम आमच्या खात्यात परत जमा झाली. रोख दिलेल्या रकमेची कोणतीही नोंद नसल्यामुळे ती मिळालेली नाही, आणि ती मिळण्याचा मार्गही बँकेकडे नाही.