कीलेस इलेक्ट्रिक गाडी : एक हिवाळा आणि एक उन्हाळा वापरून

मागच्या दिवाळीच्या सुमारास आम्ही इलेक्ट्रिक गाडी घेतली. राहायला इंग्लंडमध्ये, रेडिंगला. रेंज, चार्जिंग, थंडीत बॅटरी किती उतरते यावर ढिगाने लिहिलं गेलंय, म्हणून मी फक्त कीलेस एंट्रीवर, म्हणजे किल्ली खिशातच ठेवून गाडी उघडण्यावर लिहितो. गाडीचं नाव मुद्दाम घेत नाही. जे सांगायचंय ते बऱ्याच कंपन्यांच्या गाड्यांना थोड्याफार फरकाने लागू आहे.

आधी सुखाचं. एका हातात सामान, कडेवर लेक, बाहेर पाऊस, आणि दाराशी पोचताच हँडल आपणहून बाहेर येतं. बसायचं, ब्रेकवर पाय, ड्राइव्हमध्ये टाकलं की निघाली. याची चटक फार लवकर लागते. भारतातून आलेले पाहुणे तर आठवडाभर फक्त हँडलचंच कौतुक करत होते.

आता दुसरी बाजू. गाडी दाराभोवती साधारण १२५ किलोहर्ट्झचा क्षीण सिग्नल सोडते, तो जेमतेम मीटर-दीड मीटर जातो. किल्लीपर्यंत तो पोचला की किल्ली जागी होते आणि उत्तर पाठवते; इकडे युरोपात बहुतेक ४३३ मेगाहर्ट्झवर. उत्तरातला कोड भक्कम असतो, पण किल्ली खरंच जवळ आहे का हे गाडी तपासत नाही. सिग्नल पोचला ना, मग जवळच असणार, एवढ्यावर तिचा कारभार. त्यामुळे चोरांना कोड फोडायची गरजच नाही. एक जण गाडीपाशी, दुसरा अँटेना घेऊन घराच्या दाराशी, आणि मधलं अंतर त्यांची यंत्रं भरून काढतात. स्वित्झर्लंडमधल्या ईटीएच झ्युरिक विद्यापीठाच्या संशोधकांनी आठ कंपन्यांच्या दहा मॉडेलांवर हे २०११ मध्येच करून दाखवलं होतं. एकदा गाडी चालू झाली की किल्ली लांब गेली म्हणून ती बंद पडत नाही. तेही बरोबरच आहे, भर हायवेवर किल्लीची बॅटरी संपली तर काय करणार? चोराला मात्र तेवढंच पुरतं.

आमच्या गल्लीतली एक पेट्रोल एसयूव्ही अशीच गेली. डोअरबेलच्या कॅमेऱ्यात दिसतं ते असं : हुड ओढलेला एक माणूस चौकोनी पिशवी छातीशी धरून दाराजवळ डावी-उजवीकडे सरकतोय, मग ड्राइव्हवेतल्या गाडीचे दिवे लागतात. काच फुटली नाही की अलार्म वाजला नाही. आमची असती तर इंजिनाचासुद्धा आवाज झाला नसता.

त्यानंतर मी फॅरडे पाऊच, म्हणजे किल्लीचा सिग्नल अडवणारी छोटी पिशवी घेतली. पाऊच नवीन असताना उत्तम चालतं. पण उन्हाळ्यापर्यंत आतलं चंदेरी कापड घडीवर चिरलं, आणि वरून मात्र पाऊच अगदी नवं दिसत होतं. कळलं कसं, तर मी अधूनमधून किल्ली पाऊचमध्ये घालून गाडीचं दार ओढून बघतो. एके दिवशी दार मुकाट उघडलं. ज्यांच्याकडे पाऊच आहे त्यांनी हे आज करून बघा, चार महिन्यांनी परत करा. साताऱ्याहून आलेला स्टीलचा डबाही लावून पाहिला. झाकण घट्ट बसलं तर किल्ली गप्प, जरा तिरकं राहिलं की गाडी उघडते. त्याच्या भरवशावर मी झोपणार नाही.

किल्ली घेताना विचारायची खरी गोष्ट म्हणजे मोशन सेन्सर. नव्या किल्ल्यांत तो असतो : किल्ली थोडा वेळ हलली नाही की ती झोपते, मग चोराने कितीही हाका मारल्या तरी उत्तर देत नाही. आमच्या किल्लीत तो आहे, ब्रोशरमध्ये मात्र कुठेच लिहिलेला नाही. सेल्समनला विचारलं तर तो मला सीटच्या मसाजची माहिती द्यायला लागला! सरळ टेस्ट ड्राइव्हलाच तपासा. किल्ली गाडीच्या टपावर ठेवून दहा मिनिटं गप्पा मारा आणि मग हँडल ओढा.

घरात सेन्सरपेक्षा मोठं आव्हान म्हणजे आई. ती सहा महिने आमच्याकडे होती. जादा किल्ली तिच्या पर्समध्ये, आणि पर्स दाराजवळच्या खुंटीला.

“आई, पर्स तिथे नको गं लावूस.”

“मग काय देवघरात ठेवू?”

शेवटी खरंच देवघराच्या कपाटात गेली. घराच्या पार मागच्या बाजूला आहे ते, त्यामुळे जागा वाईट नव्हती.

फोनची किल्ली मी दोन आठवड्यांत सोडली. ब्लूटूथवर चालणारी आहे. अँड्रॉइड मनाला येईल तेव्हा ॲप झोपवतो आणि आपण पावसात फोन हलवत उभे. शिवाय ब्लूटूथचा सिग्नलही तसाच लांबवता येतो; एनसीसी ग्रुप या सायबर सुरक्षा कंपनीने २०२२ मध्ये टेस्ला मॉडेल ३ वर ते दाखवलंय. अल्ट्रा-वाइडबँड या दुसऱ्या रेडिओ तंत्राची गोष्ट वेगळी. त्यात सिग्नलला जाऊन यायला किती वेळ लागला ते मोजतात, आणि एका नॅनोसेकंदात रेडिओलहर साधारण ३० सेंटीमीटरच जाते. मध्ये यंत्र घातलं की वेळ वाढणारच, कमी करता येत नाही. पण गाडीत नुसती चिप असून भागत नाही, सॉफ्टवेअरने ते अंतर खरंच तपासायला हवं. २०२४ मध्ये चिनी संशोधकांनी अल्ट्रा-वाइडबँड असलेली नवी मॉडेल ३ सुद्धा जुन्याच पद्धतीने उघडून दाखवली.

त्याच टेस्लात २०१८ पासून पिन टाकल्याशिवाय गाडी न हलण्याची सोय आहे, आणि माझ्या गाडीतही ती आहे. माझ्या मते यातली सगळ्यात कामाची गोष्ट हीच, आणि ती मेनूत चार पातळ्या खाली पुरलेली आहे. पिन लावल्यावर दार उघडलं तरी गाडी जागची हलत नाही. बायकोने पहिल्या दिवशी कटकट केली, आता आकडे न बघता टाकते. सोबत मी दार आपोआप उघडणंही बंद करून टाकलं. बटण दाबून उघडतो, हँडलचं कौतुक संपलं.

पैसे गाडीचे मोजले आणि राखण आपणच करायची, हे मला खटकतं. ह्युंदाईने २०२५ मध्ये इथल्या आयोनिक ५ मालकांना चोरांच्या यंत्रापासून वाचवणारी सुधारणा देऊ केली, तीही ४९ पौंड घेऊन. कुलपात खोट निघाली तर दुरुस्तीचे पैसे गिऱ्हाइकाने का द्यायचे? सरकारने त्याच वर्षी अशी यंत्रं बाळगल्याबद्दल पाच वर्षांपर्यंत कैदेची तरतूद असलेलं विधेयक संसदेत आणलं, ते उत्तम.

एक राहिलं. हे सगळं १२ व्होल्टच्या छोट्या बॅटरीवर चालतं. ती बसली तर खालची मोठी बॅटरी भरलेली असूनही दार उघडत नाही. किल्लीच्या पोटात लोखंडी पातं असतं आणि कुलपाचं भोक हँडलजवळच्या टोपणाखाली लपवलेलं असतं. आमचं टोपण नखाने निघत नाही, पात्याचंच टोक खालच्या खाचेत घालून उचकटावं लागतं. घरात जे जे गाडी चालवतात त्यांनी हे एकदा दिवसाउजेडी करून ठेवा.