विंडोज ७ चा अपडेट अडला: दुरुस्ती, मिंट की दुसरा कॉम्प्युटर?

इतवारीतल्या ठोक दुकानाचं बिलिंग असो की महालातल्या घरातला जुना डेस्कटॉप, विंडोज ७ नागपुरात अजून दिसतं. त्यावर अपडेट टाकायला गेलं की एक लांबलचक एरर कोड येतो आणि माणूस दिवसभर त्या कोडच्या मागे लागतो. त्याआधी एवढंच बघा की तो अपडेट तुमच्या मशीनसाठी निघालेला आहे का.

मायक्रोसॉफ्टने विंडोज ७ चा सपोर्ट १४ जानेवारी २०२० ला थांबवला. त्या दिवशी आलेला केबी ४५३४३१० (केबी म्हणजे मायक्रोसॉफ्टचा अपडेट क्रमांक) हा सगळ्यांसाठीचा शेवटचा मासिक सुरक्षा अपडेट. पुढचे अपडेट जानेवारी २०२३ पर्यंत निघत राहिले, पण ते पैसे भरून मुदतवाढ घेतलेल्या संस्थांसाठी होते. फेब्रुवारी २०२० पासूनचा कुठलाही मासिक अपडेट साध्या मशीनवर टाकला, तर तो बसल्यासारखा दिसतो, मशीन रीस्टार्ट होतं आणि मग बदल मागे घेत असल्याचा संदेश येतो. हा बिघाड नाही. त्या मशीनला मुदतवाढीचा परवाना नाही, म्हणून तसं होतं. यावर उपाय शोधण्यात कृपया एकही संध्याकाळ घालवू नका.

जानेवारी २०२० पर्यंतचे अपडेट अडत असतील तर मात्र दुरुस्ती होते. सुरुवात तारखेपासून करा. मदरबोर्डवरचा सीआर २०३२ सेल संपला की मशीन प्रत्येक वेळी जुन्या तारखेवर उठतं, सुरक्षा प्रमाणपत्रं जुळत नाहीत आणि अपडेटचा सर्व्हर जोडणीच नाकारतो. सेल स्वस्तात मिळतो. कितीतरी मशीनचं दुखणं तिथेच असतं.

त्यानंतर सर्व्हिस पॅक १, म्हणजे विंडोज ७ चा एकत्रित मोठा अपडेट, आहे का ते बघा. तो नसेल तर पुढचं काही बसणार नाही. मग केबी ४४९०६२८ आणि केबी ४४७४४१९ हे दोन अपडेट घाला. २०१९ मध्ये मायक्रोसॉफ्टने अपडेटवरची डिजिटल सही जुन्या शा-१ पद्धतीवरून शा-२ वर नेली. हे दोन नसलेल्या विंडोज ७ ला नवी सही ओळखताच येत नाही, आणि ८००९२००४ हा कोड येतो तो बहुधा यामुळेच. जुन्या इंटरनेट एक्सप्लोररच्या नादी न लागता दुसऱ्या कॉम्प्युटरवर मायक्रोसॉफ्ट अपडेट कॅटलॉग उघडा, फायली उतरवा आणि पेनड्राइव्हने आणा. बत्तीस की चौसष्ट बिट, ते आधी बघून घ्या.

अपडेटचा शोध तासन् तास संपतच नसेल, तर नेट बंद करून आधी केबी ३०२०३६९ आणि मग केबी ३१७२६०५ बसवा. ८००७३७१२ हा कोड आला तर विंडोजच्या स्वतःच्या फायली बिघडलेल्या असतात. त्यासाठी मायक्रोसॉफ्टचं सिस्टिम अपडेट रेडिनेस टूल चालवावं लागतं. एवढं करूनही अडलं तर हार्ड डिस्क तपासा. खराब होत चाललेल्या डिस्कवर अपडेटची दुरुस्ती करण्यात अर्थ नाही, त्याआधी डेटा बाहेर काढा.

आपल्याकडच्या उन्हाळ्याचं एक सांगायलाच हवं. या कामात प्रोसेसर तासभर तरी पूर्ण ताकदीने चालतो. मे महिन्याच्या दुपारी, धुळीने भरलेल्या पंख्यावर हे केलं तर मशीन तापून मध्येच बंद पडू शकतं. आधी डबा उघडून धूळ काढा, काम सकाळी करा आणि यूपीएस लावा.

आता ही मेहनत कुणी घ्यावी? ज्यांचं मशीन नेटला जोडलेलं नाही आणि ज्यांना एखादं जुनं सॉफ्टवेअर, स्कॅनर किंवा श्रीलिपी या जुन्या मराठी फाँटमधला मजकूर विंडोजवरच हवा आहे, त्यांनी. अशांसाठी दुरुस्ती हाच सगळ्यात कमी खर्चाचा मार्ग आहे. बँक, जीएसटी, आयकर हे त्या मशीनवर होत असेल तर माझं मत स्पष्ट आहे, दुरुस्ती पुरेशी नाही. क्रोमची १०९ ही विंडोज ७ वर चालणारी शेवटची आवृत्ती. म्हणजे सगळे अपडेट नीट बसले तरी ब्राउझर जुनाच राहतो.

विंडोज १० चा पर्याय दुकानदार अजून सुचवतात. त्याचा सपोर्ट १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला, घरगुती वापरासाठीची मुदतवाढ १३ ऑक्टोबर २०२६ पर्यंतच आहे आणि विंडोज ७ ची जुनी लायसन्स की वापरून तिथे जाण्याची वाट २०२३ मध्ये बंद झाली. आज यावर पैसे घालू नयेत.

लिनक्स मिंट ही विंडोजच्या जागी बसणारी मोफत ऑपरेटिंग सिस्टिम मला घरच्या वापरासाठी मनापासून आवडते. मिंट २२ ला एप्रिल २०२९ पर्यंत अपडेट मिळणार आहेत. रॅम किमान २ जीबी लागते, ४ असेल तर बरं, आणि प्रोसेसर चौसष्ट बिटचा हवा. जुन्या हार्ड डिस्कच्या जागी एसएसडी टाकली तर दहा-बारा वर्षांचं मशीनही चटपटीत चालतं. मराठी युनिकोड टायपिंग होतं. पण टॅली थेट चालत नाही, डिजिटल सहीच्या टोकनचं आधी तपासावं लागतं आणि घराघरांत असलेला कॅननचा एलबीपी २९०० प्रिंटर लिनक्सवर बराच त्रास देतो. म्हणून मिंट आधी पेनड्राइव्हवरून चालवून बघा, डिस्कला हात न लावता. त्यात प्रिंट निघाली, वायफाय लागलं, तर मग बसवा.

टॅली आणि रिटर्नचं रोजचं काम असलेल्यांनी सरळ दुसरा कॉम्प्युटर घ्यावा, वापरलेला चालेल. सीताबर्डीत ऑफिसांतून निघालेली मशीन मिळतात. इंटेल असेल तर आठव्या पिढीचा किंवा त्यापुढचा प्रोसेसर मागा, कारण विंडोज ११ ला तो आणि टीपीएम २.० ही सुरक्षा चिप दोन्ही लागतात. सहाव्या-सातव्या पिढीच्या मशीनवर विंडोज ११ "घालून दिलं" असं सांगितलं, तर ते नियमात बसवलेलं नाही असं समजा. पुढच्या मोठ्या अपडेटला पुन्हा तीच एररची कटकट सुरू होऊ शकते. पैसे देण्याआधी दुकानातच सेटिंग्जमध्ये जाऊन अपडेट तपासायला लावा आणि तो पूर्ण बसेपर्यंत थांबा. जुनं मशीन भंगारात देण्याआधी त्याची डिस्क काढून स्वतःकडे ठेवा. साटा-यूएसबी केबल (डेस्कटॉपच्या डिस्कसाठी वेगळ्या पॉवर अडॅप्टरची) लावली की त्यातले हिशेब आणि फोटो नव्या मशीनवर घेता येतात.