ऑटोप्ले आणि वॉच हिस्ट्री बंद ठेवलेला टीव्ही: काही महिन्यांनंतर

निकाल आधीच सांगतो: टीव्ही पाहण्याचा एकूण वेळ फारसा घटत नाही. टीव्ही बंद करताना होणारी रोजची घासाघीस मात्र नक्की घटते.

रोजच्या मालिकेचा भाग अर्ध्या तासात आटोपतो. शेवटी चेहऱ्यांवर कितीही झूम मारा, पुढचं उद्याच. म्हणूनच तर घराघरांत मालिकेच्या वेळेवर जेवणं ठरत गेली. नेटफ्लिक्स-यूट्यूबवरच्या ऑटोप्लेने हा ‘उद्या’च काढून टाकला. काही सेकंदांत पुढचा भाग आपोआप सुरू होतो आणि थांबायचं म्हणजे तो मध्येच तोडायचा. मुलं चिडणार नाहीत तर काय! टीव्हीचा स्लीप टायमर लावला तरी तेच, ऐन प्रसंगात पडदा काळा. त्यापेक्षा ‘दोन भाग’ असं आधी ठरवलेलं बरं.

नेटफ्लिक्सवर ब्राउझरमधून प्रोफाइलच्या प्लेबॅक सेटिंग्जमध्ये टिकच्या दोन खुणा असतात: पुढचा भाग आपोआप लागण्याची आणि प्रीव्ह्यूची, म्हणजे यादी चाळताना आपोआप सुरू होणाऱ्या झलकेची. दोन्ही काढा, आणि प्रत्येक प्रोफाइलला वेगळ्या काढा. मुलांचं प्रोफाइल हमखास राहून जातं.

यूट्यूबचं काम जरा किचकट. सेटिंग्जमधून वॉच हिस्ट्री, म्हणजे आपण काय काय पाहिलं त्याची नोंद, नुसती बंद करून भागत नाही, जुनीही पुसावी लागते. मगच शिफारशींनी भरलेलं होम पेज रिकामं होतं (ही सोय 2023 पासूनची). ऑटोप्ले प्रत्येक उपकरणावर वेगळा असतो, फोनवर बंद केला म्हणून टीव्हीवर होत नाही. आणि प्लेलिस्ट लावली असेल तर ऑटोप्ले बंद असूनही पुढचा व्हिडिओ लागतोच. व्हिडिओखालच्या शिफारशीही जात नाहीत, पण त्या चालू व्हिडिओच्या आसपासच्या असतात, तेवढं चालतं.

तोटा ज्येष्ठांना. कीर्तन, पाककृती आपसूक समोर यायच्या, त्या गायब होतात आणि अर्धवट राहिलेला व्हिडिओ पुन्हा पहिल्यापासून लागतो. त्यांच्या आवडीची चॅनेलं सबस्क्राइब करून द्या आणि रिमोटवरून ‘सबस्क्रिप्शन्स’ कसं उघडायचं ते एकदा हाताने करून दाखवा. नाहीतर आठवड्यात कुणीतरी हिस्ट्री परत चालू करतं.

पाहुण्याने स्वतःच्या फोनवरून कास्ट केलं, म्हणजे फोनवरचा व्हिडिओ टीव्हीवर लावला, की त्याचं खातं चालतं आणि आपल्या सेटिंग्ज बाजूला पडतात. त्याला इलाज नाही.