बंदोबस्त की मोहल्ला कमिटी? भिवंडीचा अनुभव

भिवंडीत १९७० आणि १९८४ साली दंगली झाल्या, तेव्हा पोलिसांची रीत नेहमीचीच होती: खबर आली की गाड्या पाठवायच्या, लाठीमार, संचारबंदी, मग धरपकड. दंगल थांबायची, संशय तसाच राहायचा. पुढे पोलीस उपायुक्त सुरेश खोपडे यांनी मोहल्ला कमिट्या उभ्या केल्या. एकाच वस्तीतले हिंदू-मुस्लिम रहिवासी पोलिसांसोबत नियमित बसू लागले. शेजाऱ्यांचं भांडण वाढण्याआधीच तिथे मिटवता येऊ लागलं. डिसेंबर १९९२मध्ये मुंबई पेटली, भिवंडी शांत राहिली. दगडफेक सुरू झाल्यावर बंदोबस्त लागतोच. तरी माझं मत ठामपणे कमिटीच्या बाजूने आहे. फक्त साहेबांची बदली झाली की बैठका थंडावतात, म्हणून हे काम पोलीस ठाण्याच्या रोजच्या ड्युटीतच बसवायला हवं.